शिळेवरची तिसरी ओळ

फार फार वर्षांपूर्वीची गोष्ट. तेव्हा आपले आजे-पणजेही नव्हते, आणि आज जिथे रस्ते आहेत तिथे रानडुकरांच्या वाटा होत्या. त्या काळी एका डोंगराच्या कुशीत एक नगर होतं. नगर छोटंच, पण ऐट मोठी. कारण त्या नगराला राजा नव्हता.

राजा नाही म्हणजे कारभार कोण बघायचं? तर तिथले लोक दर पाच वर्षांनी आपला मुख्य आपणच निवडायचे. त्याची रीत फार छान होती, बरं का. प्रत्येक घरात चुन्याने रंगवलेलं एक पांढरं मडकं असायचं. त्यात घरातल्या दर मोठ्या माणसाचा एक चिंचोका. बाईचा वेगळा, बाप्याचा वेगळा, सासूचा वेगळा आणि सुनेचाही वेगळा. निवडीच्या दिवशी ती मडकी डोक्यावर घेऊन सगळे पारावर जायचे आणि जो पसंत असेल त्याच्यापुढे आपापला चिंचोका टाकायचे. ज्याच्यापुढे ढीग मोठा, तो मुख्य. सून सासऱ्याच्या देखत दुसऱ्याच माणसापुढे चिंचोका टाकायची, आणि सासऱ्याने फार तर घसा खाकरायचा. बोलायची सोय नव्हती.

तर असं ते नगर. तिथे एकदा एक मुख्य निवडून आला. उंचापुरा, आवाज खणखणीत. तेव्हा नगराला प्यायला पाणी नव्हतं. बायका दोन कोस चालून झऱ्यावर जायच्या. ह्या माणसाने डोंगरात बांध घातला, तळं केलं, पाट खणला आणि पाणी थेट नगराच्या वेशीत आणलं. कोरड्या माळावर ऊस उभा राहिला. लोकांनी त्याला खांद्यावर घेतलं. त्याला सगळे थोरले म्हणू लागले.

पाच वर्षं सरली, पण पुढची निवड काही झाली नाही. कशी झाली नाही, ते पुढे येईलच. थोरले पाचाची बावीस वर्षं राहिले. आणि त्या बावीस वर्षांत ज्याने ज्याने म्हणून "निवड कधी?" असं विचारलं, त्याला काळ्या खडकावरच्या कोटात नेलं. नेलेला माणूस परत आला नाही. असे एकतीस जण गेले. लोक पाणी भरायचे आणि हळू बोलायचे.

मग एक दिवस थोरले म्हातारे होऊन वारले. कोटाची दारं उघडली, पण आत कुणी उरलं नव्हतं. लोकांनी नवी मडकी आणली, पांढरी केली, आणि निवड पुन्हा सुरू झाली. सगळं नीट व्हायला हवं होतं ना? पण तसं झालं नाही.

त्याचं कारण एक शिळा.

बांधाच्या तोंडाशी, जिथून पाणी पाटात उतरतं, तिथे माणसाहून उंच अशी एक काळी शिळा बसवलेली होती. अख्ख्या तळ्याचं पाणी तिच्यावर रेलून उभं असायचं. थोरल्यांनी आपल्या हयातीतच तिच्यावर ओळ कोरून घेतली होती: *याने पाणी आणलं.*

थोरले गेल्यावर अर्धं नगर म्हणालं, "ही ओळ काढा! याने माणसं गिळली, ते लिहा."

उरलेलं अर्धं नगर म्हणालं, "ज्याचं पाणी पिता त्याचंच नाव खोडता? लाज वाटू द्या!"

आता भांडण मिटवायचं कसं? दुसऱ्या कुठल्या गावाने पंच बसवले असते, नाहीतर लोक चार दिवस भांडून गप्प बसले असते. पण ह्या नगराला चिंचोक्यांचा भारी अभिमान. बावीस वर्षं उपाशी राहिलेल्या माणसाने ताटावर तुटून पडावं, तसे ते चिंचोक्यांवर तुटून पडले होते. वळू कुठला घ्यायचा, टाका चिंचोके. जत्रा मंगळवारी की शुक्रवारी, टाका चिंचोके. मग थोरले कसे होते, हेही त्यांनी चिंचोके टाकूनच ठरवायचं म्हटलं. तेही दरसाल, सुगी झाल्यावर.

ज्या वर्षी पाण्याच्या बाजूचे जिंकत, त्या वर्षी शिळेवर *याने पाणी आणलं* असं कोरायचं. ज्या वर्षी दुसरी बाजू जिंके, त्या वर्षी ती ओळ तासून काढायची, दगड गुळगुळीत करायचा आणि *याने माणसं गिळली* असं कोरायचं. लोकांनाही तशीच नावं पडली. हे पाणीवाले आणि ते माणसंवाले. पाणीवाले आपली मुलगी माणसंवाल्यांच्या घरी देईनात. पाटावर बायका वेगवेगळ्या दगडांवर धुणी आपटू लागल्या. एका न्हाव्याची तर पंचाईतच झाली. तो बिचारा अर्धी हजामत झाल्यावर गिऱ्हाइकाला विचारायचा, "तुम्ही कुठले?" आणि गिऱ्हाईक घाबरून म्हणायचं, "आधी उरलेली दाढी कर, मग सांगतो."

शिळेवर कोरायचा मान होता सरूपा पाथरवटणीचा. तिच्या बापाने ती शिळा डोंगरातून काढली होती, घडवली होती आणि पहिली ओळही त्यानेच कोरली होती. नवव्या वर्षी त्याने भर पारावर विचारलं, "थोरले, निवड कधी?" आणि दुसऱ्या दिवशी त्याला कोटात नेलं. तेव्हा सरूपा पाळण्यात होती. बापाची हातोडी आणि छिन्न्या तेवढ्या घरी राहिल्या. त्यांच्यावर हात बसवून ती मोठी झाली. घरात ती आणि तिची म्हातारी आई भागाई, दोघीच.

अकरा वर्षं सरूपा तासत होती आणि कोरत होती. दर खेपेला शिळा बोटभर झिजायची. सुरुवातीला शिळेची जाडी चांगली हातभर होती. अकराव्या वर्षी पाणीवाले नऊ चिंचोक्यांनी जिंकले, तेव्हा ती वीतभर राहिली होती.

पाणीवाल्यांचा पुढारी होता रंगोजी आप्पा. पांढऱ्या मिशा, गुडघ्यापर्यंत धोतर, सात बिघे ऊस. तो नारळ आणि हळद घेऊन वाजतगाजत शिळेपाशी आला.

"चल सरूपा, कर सुरू. औंदा अक्षरं जरा मोठी काढ. तिकडच्या लोकांना लांबून दिसत नाहीत म्हणे."

सरूपाने नेहमीप्रमाणे आधी शिळेवर हातोडीने टिचकी दिली. चांगला दगड घंटेसारखा वाजतो, हे तुम्हाला माहीत असेल. ही शिळाही आजवर तशीच वाजायची. पण त्या दिवशी आवाज आला, भद्द. ओल्या लाकडावर मारल्यासारखा.

तिने दुसरीकडे मारून पाहिलं. तिथेही भद्द.

तिने हातोडी खाली ठेवली. "आप्पा, आता हिच्यावर छिन्नी लागायची नाही. आतून चीर गेलीय. आणखी एक ओळ कोरली तर शिळा फुटेल, आणि शिळा फुटली तर तळं खाली येईल."

"अगं, बरोबर आमच्याच वेळेला कशी चीर गेली?" आप्पा हसला. मग त्याचं हसू मावळलं. "तुझ्या बापाला थोरल्यांनी नेलं, म्हणून तुझं पोट दुखतंय. सरळ सांग ना!"

गर्दीतून अंबूकाकू पुढे आली. ही माणसंवाल्यांची पुढारीण. तिचा नवरा त्या एकतिसांतला. जीभ अशी, की शेजारचा कुत्रासुद्धा तिच्या दारावरून शेपूट घालून जायचा. ती ओरडली, "शाब्बास पोरी! बापाची लेक शोभतेस. कोरू नकोस. राहू दे आपली ओळ तशीच."

"काकू, मी तुमच्यासाठीही कोरणार नाही," सरूपा म्हणाली. "पुढच्या साली तुम्ही जिंकलात तरी नाही. मला शिळा जगवायची आहे."

झालं. क्षणापूर्वी एक बाजू तिच्यावर चिडली होती, आता दोन्ही चिडल्या. अकरा वर्षांत पहिल्यांदाच पाणीवाले आणि माणसंवाले एका गोष्टीवर एक झाले, ती म्हणजे सरूपाला बोल लावायला.

"ही काय आता शहाणी झाली?"

"चिंचोक्यांपेक्षा मोठी का ही?"

तिथल्या तिथे ठरलं. चार दिवसांत सरूपाने ओळ कोरायची. नाही कोरली तर हत्यारं बांधावर आणून ठेवायची, मान सोडायचा, आणि नदीपलीकडचा पाथरवट बोलवायचा. त्या माणसाने ही शिळा कधी पाहिलीसुद्धा नव्हती. तो हातोडी उचलणार, दणका देणार, आणि मग काय होणार, हे एकट्या सरूपाला ठाऊक होतं.

ती घरी आली आणि ओसरीवर बसली. भागाई सुपात तांदूळ पाखडत होती. अशा गोष्टी आयांना सांगाव्या लागत नाहीत.

"काय म्हणतात?"

"म्हणतात, बापाचा सूड घेते. आई, माझ्या बाने एकट्याने थोरल्यांना विचारलं होतं ना? भर पारावर? त्याच्या लेकीला हे खोटारडी म्हणतात." तिचे डोळे भरून आले. "तो होता म्हणून ह्या नगरात एक तरी सरळ माणूस होता."

भागाईने सूप खाली ठेवलं. बराच वेळ ती तांदळातला एकच खडा बोटाने इकडून तिकडे फिरवत राहिली.

"सरू, तुझ्या बाने विचारलं, ते नवव्या वर्षी. पाचव्या वर्षी काय झालं, ते मी तुला कधी सांगितलं नाही. कुणीच कुणाच्या पोरांना सांगितलं नाही."

"काय झालं?"

"पाचव्या वर्षी निवडीचा दिवस आला. सगळे मडकी घेऊन पारावर गेले. थोरले उभे राहिले आणि म्हणाले, 'पाणी कुणी आणलं?' लोक म्हणाले, 'तुम्ही!' ते म्हणाले, 'मग ही मडकी कशाला?' एवढंच. त्यांनी एकाही मडक्याला हात लावला नाही, बाई. शिपाई नव्हते, तलवार नव्हती. लोकांनीच आपापली मडकी खाली आपटली. नाचत नाचत. खापरांचा खच पडला होता नुसता. ढोल वाजत होता."

"आणि बा?"

"तुझ्या बाने आपलं मडकं फोडलं आणि शेजारच्या म्हातारीचंही. तिला जोर नव्हता म्हणून. मी टाळ्या वाजवत होते." भागाईने पदराने तोंड पुसलं. "त्या रात्री आम्ही गोड केलं होतं. पुढे ते त्याला आतून खात राहिलं. म्हणून तर नवव्या वर्षी तो उठला. तो शूर होता, सरू. पण आधी आमच्यासारखाच होता."

सरूपा उठली, बापाची छिन्नी हातात घेतली, परत ठेवली. इतकी वर्षं तिने मनात बापाचा एक पुतळा उभा केला होता. आता त्याच्या हातात दोन मडकी दिसत होती. संध्याकाळपर्यंत ती घराच्या मागच्या दगडावर नुसती बसून होती. आई जेवायला बोलवायला आली, तेव्हा ती एवढंच म्हणाली, "तू हे सगळ्यांसमोर सांगशील?"

"लोक दगड मारतील."

"मारू देत. पण सांगशील?"

भागाई म्हणाली, "आधी चार घास खा. मग बघू."

चौथ्या दिवशी सगळं नगर बांधावर जमलं. नदीपलीकडचा पाथरवटही येऊन बसला होता, पान चघळत. सरूपाने हत्यारं आणली, पण खाली ठेवली नाहीत.

"आप्पा, काकू, इकडे या. दोघांनीही शिळेवर हात ठेवा. उघडा तळवा."

"हिच्या शेजारी?" आप्पाने मिशा ताणल्या.

"मला तरी कुठे हौस आहे?" काकू म्हणाली. "तुमच्या हाताला उसाचा चिकटा असेल."

तरी दोघांनी हात ठेवले. सरूपाने हातोडी मारली, अगदी हळू. भद्द. आणि त्या दोघांच्या तळव्यांखाली शिळा थरथरली. सापाने कूस बदलावी, तशी. आप्पाने चटकन हात काढला. त्याचा तळवा ओला होता. काकूने खाली वाकून पाहिलं. शिळेच्या पोटातून केसासारखी पाण्याची एक रेघ झिरपत होती.

नदीपलीकडचा पाथरवट पुढे आला. त्याने एकदा कान लावला, मुकाट्याने आपली हत्यारं गुंडाळली आणि वाटेला लागला. जाता जाता म्हणाला, "बाईंचं बरोबर आहे. मी इथे ढेकूळसुद्धा आपटणार नाही."

मग मात्र लोक घाबरले. नवी शिळा हवी. डोंगरात तिच्याच जोडीची एक शिळा सरूपाच्या बापाने घडवून ठेवलेली होती, पण ती उतरवायची म्हणजे नगरातला प्रत्येक हात लागणार. पाणीवाल्यांनी एकट्याने ओढली तर हलणार नाही आणि माणसंवाल्यांनीही नाही.

"आम्ही येतो ओढायला," आप्पा म्हणाला, "पण नव्या शिळेवर काय लिहायचं, ते आधी ठरू दे."

"ठरवायचंय काय त्यात!" काकू कडाडली.

मागून कुणीतरी ओरडलं, "आणा रे मडकी! टाका चिंचोके!"

"नाही!" सरूपाचा आवाज कधी इतका चढला नव्हता. "चिंचोके टाकून वळू निवडा, मुख्य निवडा. पुढे काय करायचं, ते निवडा. पण जे होऊन गेलं, ते निवडता येत नाही. त्याने पाणी आणलं, हे नऊ चिंचोक्यांनी खरं झालेलं नाही. त्याने माणसं गिळली, हे नऊ चिंचोक्यांनी खोटं होणार नाही. दोन्ही घडलंय. आणि तिसरंही एक घडलंय. आई, सांग."

भागाई काठी टेकत पुढे आली. तिने पाचव्या वर्षीची गोष्ट सांगितली. नवऱ्याच्या दोन मडक्यांपासून सुरुवात केली, आपल्या टाळ्यांवर संपवली. दुसऱ्या कुणाचंही नाव तिने घेतलं नाही.

पाटाचं पाणी तेवढं वाजत होतं. तरण्या माणसांनी आपल्या म्हाताऱ्यांकडे पाहिलं. म्हातारे जमिनीकडे पाहत होते.

"खोटं आहे म्हणा ना," सरूपा म्हणाली. "कुणीतरी म्हणा."

रंगोजी आप्पा एकदम खाली बसला, मातीतच.

"मी सात फोडली," तो म्हणाला. "घरातलं एक आणि आळीतली सहा. लोक मडकी माझ्या हातात देत होते, आणि मी खांद्यावरून मागे भिरकावत होतो. सगळे हसत होते." तो काकूकडे वळला. "वहिनी, तुमच्या मालकांना नेलं, त्या दिवशी मी दार लावून घेतलं. कडी घातली. इतकी वर्षं मी पाणी-पाणी म्हणतोय. कारण दुसरं काही आठवायला गेलं, की ती कडी वाजते."

सगळ्यांना वाटलं, आता अंबूकाकूच्या तोंडाचा पट्टा सुटणार. पण काकू आप्पाशेजारी जाऊन बसली.

"ढोल माझ्या मालकांनी वाजवला होता," ती म्हणाली. "हौस भारी त्यांना ढोलाची. मी पोरांना कायम सांगितलं, तुमचे बाबा थोरल्यांना पहिल्यापासून ओळखून होते. कुठले ओळखून! तीन दिवस हाताला फोड होते." आणि इतकं बोलून ती हसायला लागली, आणि हसता हसता रडायला लागली. आप्पाने खांद्यावरचा पंचा तिच्यापुढे केला. ती म्हणाली, "चिकट आहे," आणि घेतला.

मग एकेक म्हातारा उठू लागला. "माझं एक." "आमच्या आळीतली दोन." कुणी कुणाला विचारत नव्हतं, तरी सांगत होते. आणि मंडळी, नवल असं, की सांगताना त्यांच्या माना खाली जात नव्हत्या. वर येत होत्या.

दुसऱ्या दिवसापासून शिळा निघाली. ओंडके घातले, जाडजूड दोरांचे सोल बांधले, पहारी लावल्या. एका सोलाला पाणीवाले, दुसऱ्याला माणसंवाले, असं पहिल्या दिवशी होतं. दुपारपर्यंत शिळा वाकडी चालली आणि कुंपणात शिरली, कारण दोन्हीकडचे आपलाच जोर दाखवत होते. सरूपाने दोन्ही सोल सोडायला लावले आणि सगळ्यांना सरमिसळ उभं केलं, उंचीप्रमाणे. मग शिळा सरळ चालली. अठरा दिवस चालली. तो न्हावीसुद्धा ओढायला होता, आणि अठरा दिवस त्याने कुणालाच काही विचारलं नाही.

अठराव्या दिवशी नवी शिळा बांधापासून तीस पावलांवर असताना जुनी शिळा फुटली. आडवी, कमरेत. पाणी मुसंडी मारून बाहेर आलं.

तेव्हा कुणी कुणाची बाजू पाहिली नाही. रंगोजी आप्पा पळत गेला आणि आपल्या घराचा दरवाजा उखडून घेऊन आला. त्याच्यामागे दुसरे दरवाजे आले, वीस, पन्नास, आळीच्या आळ्या दारावाचून झाल्या. माणसांनी ते दरवाजे पाण्यात आडवे धरले आणि त्यांना पाठ लावून उभी राहिली. छातीपर्यंत पाणी, हातात हात. अंबूकाकू मधोमध होती, आणि पाण्याच्या आवाजावर तिचा आवाज होता. "ढकला रे! जेवला नाहीत का?" बाकीच्यांनी नवी शिळा ओढली. तीस पावलं. वीस. दहा. सूर्य डोंगराला टेकला, तेव्हा शिळा आपल्या जागी बसली, आणि पाणी थांबलं.

सरूपाने हातोडी मारली. शिळा घंटेसारखी वाजली. त्या दिवशी अख्खं नगर भिजलेल्या कपड्यांनी नुसतं एकमेकांच्या तोंडाकडे बघत होतं. आणि खरं सांगते, एवढा अभिमान त्यांना थोरल्यांनी पाणी आणलं त्या दिवशीही वाटला नव्हता. ते पाणी कुणीतरी आणून दिलं होतं. हे त्यांनी स्वतः राखलं होतं.

मग कोरायचं काम आलं. कुणी चिंचोके काढले नाहीत.

पहिली ओळ सरूपाने कोरली: *याने पाणी आणलं.*

दुसरी कोरली: *याने माणसं गिळली.* तिच्याखाली एकतीस नावं, ज्या क्रमाने नेलं त्या क्रमाने. तिच्या बापाचं नाव अकरावं आलं. लोक म्हणाले, "वर घे, शिळा त्याने घडवली होती." ती म्हणाली, "त्याच्या आधी दहा जण गेले होते."

तिसऱ्या ओळीला तिचा हात अडला. पहिलं अक्षर अगदी पुसट उमटलं. भागाई बाजूला बसून बघत होती. म्हणाली, "खोल घाल. वरवरचं काम तुझ्या बाला चालायचं नाही."

मग सरूपाने घाव घातला, आणि तिसरी ओळ सगळ्यात खोल उमटली: *मडकी आम्ही फोडली.*

पुढे बऱ्याच वर्षांनी एक परदेशी व्यापारी पाणी प्यायला त्या पाटावर थांबला. त्याने शिळा वाचली आणि तो मोठ्याने हसला. "अहो, लोक वेशीवर आपल्या पराक्रमाच्या गोष्टी लिहितात. तुम्ही आपला मूर्खपणा लिहून ठेवलात, तोही इतका मोठा?"

रंगोजी आप्पा तिथेच उन्हाला बसला होता. आता अगदी थकला होता, पण मिशा तशाच.

"पाव्हणं, तुमच्या गावात अशी मडकी कुणी फोडली नाहीत का कधी?"

व्यापारी जरा विचारात पडला. "फोडली असतील."

"मग कुठं लिहिलंय?"

आप्पाने शिळेवर थाप मारली. "हाच आमचा पराक्रम. वाचा पुन्हा. घाई नाही."

ती शिळा पुढे कधी तासली गेली नाही, म्हणून ती कधी फुटली नाही. लेकी इकडच्या तिकडे नांदायला गेल्या. त्या नगरात नंतर पुष्कळ मुख्य झाले. काही शहाणे, काही अगदी भोळे, एक तर बहिरा होता. पण पाच वर्षांच्या वर कुणी एक दिवस राहिला नाही, आणि कोटाच्या कोठड्यांत लोकांनी कडबा भरून ठेवला.

बोध एवढाच: गेलेल्या मुख्याचं बरं आणि वाईट दोन्ही सांगून जे लोक त्यात आपला वाटाही कबूल करतात, त्यांनाच ताठ मानेने जगता येतं.